चौथा टोला

आधी हात मागे घ्या. मला बघायला येणारा प्रत्येक माणूस पहिलं काम काय करतो, तर माझ्या दातांवरून बोट फिरवतो आणि मग ते बोट तोंडात घालून चोखत बसतो. गंज चढला म्हणून धार गेली, असं कुणी सांगितलं तुम्हाला? मी करवत आहे. गोल, पोलादी, उभ्या माणसाच्या कमरेला लागेन एवढी मोठी. मधोमध भोक, तीन दात पडलेले आणि अंगावर एक तडा. जन्मले कापायला, पण आयुष्य गेलं मार खाण्यात. त्याचीच ही हकीकत. गोड नाही, आधीच सांगून ठेवते.

माझा जन्म भट्टीतला. दूर दक्षिणेकडे पोलादाचं एक गाव आहे, तिथं मला तापवलं, लाटलं, तेलात बुचकळलं आणि पुन्हा तापवलं. सगळं सोसून जरा गार होतेय तोवर एक म्हातारा हातोडी घेऊन आला. अंगभर बारीक टोले मारायचा आणि कान लावून ऐकायचा. पातं नीट ताणलं गेलंय की नाही, ते आवाजावरूनच कळतं म्हणे. शेवटी मान हलवून म्हणाला, "गाते ही." मला असा राग आला! मी काय गायला जन्मले होते?

मालगाडीतून मी उत्तरेला आले, ओंगरमान नदीकाठच्या लोव्होम गावातल्या सॉ मिलमध्ये. तिथले दिवस माझे खरे दिवस. नदीतून पाइनचे ओंडके वाहत यायचे, साखळीवरून वर चढायचे आणि माझ्यापुढे आडवे पडायचे. मी त्यांना उभं चिरायचे. भुशाचा धुरळा, डिंकाचा वास, आणि आवाज असा की शेजारचा माणूस शिव्या देतोय की गाणं म्हणतोय, ते कळू नये. कधी वरच्या वळणावर ओंडके एकमेकांत अडकायचे. मागचे पुढच्यांवर चढायचे, नदी तुंबायची, लाकडाचा डोंगर व्हायचा आणि एका क्षणी तो सगळा डोंगर एकदम सुटायचा. त्याला आमच्याकडे ब्रोत म्हणतात. ब्रोत सुटताना जो मधे सापडला, त्याचं प्रेतही अख्खं मिळायचं नाही.

माझं कापणं संपलं ते एका खिळ्यापायी. कुण्या शिकाऱ्यानं कधीकाळी मूस हरणाच्या शिकारीसाठी झाडावर मचाण ठोकलं असणार. मचाण कुजून गेलं, खिळा झाडानं पोटात घेतला, आणि ते झाड आलं माझ्या वाट्याला. माझे तीन दात उडाले, त्यातला एक छपराच्या तुळईत घुसला. अंगाला तडा गेला तो तेव्हाच. तडा गेलेली करवत फिरवली तर फुटून चार माणसं मारेल, म्हणून मला उतरवलं. माझ्या जागी नवी आली. मी भंगारात जायची, पण स्वयंपाकघरातल्या ग्रेतानं मला मागून घेतलं. मधल्या भोकातून साखळी ओवली, जेवणाच्या खोलीच्या दाराशी टांगलं, आणि बाजूला एक लोखंडी गज ठेवला.

तिथून माझं मार खाणं सुरू झालं. तीन टोले म्हणजे कॉफी झाली, या. आणि न थांबता ठोकत राहिलं तर त्याचा अर्थ एकच, कुणीतरी यंत्रात सापडलंय, मेन स्विच पाडा. लोव्होमच्या पोरांना पाढ्यांच्या आधी हे यायचं. माझा आवाज नदीपलीकडे जायचा. टोले तीनवर थांबले की बायका पुन्हा आपल्या कामाला लागायच्या. चौथा पडला की हातातलं टाकून अंगणात यायच्या आणि एकमेकींकडे न बघता मिलच्या दिशेनं बघत उभ्या राहायच्या.

आता एवर्ट आणि सिक्स्टेनचं सांगते. दोघं लंगोटीयार. घरं शेजारी, मधे लाकडी कुंपण, नदीकाठी दोघांनी मिळून बांधलेली वाफेची न्हाणी, शिकारीला एकाच टोळीत. मिलमध्ये एवर्ट ओंडके पुढे सरकवायचा, सिक्स्टेन भिंतीपाशी मेन स्विचवर. भलामोठा लोखंडी दांडा होता तो, खाली ओढला की अख्खी मिल मरायची.

नोव्हेंबरातली सकाळ होती. ग्रेतानं तीन टोले दिले. सिक्स्टेन नेहमीप्रमाणे पहिला कप भरून आपल्या जागेवर येऊन उभा राहिला. एवर्टनं म्हटलं, हा एक ओंडका घेतो आणि येतो. थंडी मरणाची, म्हणून हातात मोजा. करवतीजवळ मोजा घालू नये हे त्यालाही माहीत होतं, पण बोटं बधिर झाली की माणसाचं शहाणपणही बधिर होतं. साखळीनं मोज्याचं टोक पकडलं. ग्रेतानं खिडकीतून पाहिलं, धावत आली, गज उचलला आणि मला बडवायला लागली.

आता नीट ऐका, कारण पुढचं सगळं यावर उभं आहे. दांडा सिक्स्टेनच्या हाताच्या अंतरावर होता. पण हातात कप होता, काठोकाठ भरलेला. आणि त्या माणसानं कप ठेवायला जागा शोधली. बाकावर पाव होते. खिडकीची कड अरुंद होती. मग तो वाकला, कप जमिनीवर ठेवला, हळूच, आणि मग दांडा ओढला. एक थेंब सांडला नाही. त्या नव्या करवतीला मी दोष देत नाही, कापायला बसवलीय ती कापणारच. पण जे बोटांवर निभावलं असतं, ते उजव्या हाताच्या कोपरापर्यंत गेलं.

नदीपलीकडच्या शाळेत एवर्टची मुलगी हिल्लेवी बसली होती. तिनं चौथा टोला ऐकला, पाचवा ऐकला. बाईंनी उठून खिडकी लावली. काचेतूनही मी ऐकू जात होते, हे तिनं पुढं टूरेला सांगितलं. टूरे म्हणजे सिक्स्टेनचा मुलगा. तो तिच्या पुढच्याच बाकावर होता.

आमच्या माणसांचा स्वभाव तुम्हाला सांगते. घर पेटलं तरी शेजाऱ्याची झोपमोड नको म्हणून हळू हाक मारतील. साधं हो म्हणायला तोंड उघडणार नाहीत. ओठांचा चंबू करतात आणि श्वास आत ओढतात, शूप. झालं, मिळालं तुम्हाला उत्तर. तर या माणसांनी कपाचं सगळं पाहिलं होतं, आणि कुणी चकार शब्द काढला नाही. एवर्ट इस्पितळातून आला, बाही टाचून घेतली आणि सिक्स्टेनशी बोलणं बंद केलं. शिवी नाही, आरोप नाही. नदीकाठच्या न्हाणीला कुलूप लागलं.

सिक्स्टेननं कॉफी सोडली. आमच्याकडे कॉफी सोडणं म्हणजे तुमच्याकडे जेवण सोडल्यासारखं आहे. कुणाच्या घरी गेला की म्हणायचा, पाणी चालेल. घरातली बाई पाणी द्यायची आणि नजर चुकवायची.

आणि हिवाळ्यात चालायचं बर्फाचं युद्ध. रात्रभर बर्फ पडलं की सिक्स्टेन उजाडायच्या आत एवर्टची वाट साफ करून ठेवायचा. एवर्ट उठायचा, बाहेर बघायचा, फावडं घ्यायचा आणि एका हातानं, फावड्याचा दांडा पोटाला रोवून, ते सगळं बर्फ पुन्हा आपल्याच वाटेवर आणून टाकायचा. मग स्वतःच स्वतःचं साफ करत बसायचा, घाम गाळत, दात ओठ खात. सिक्स्टेन पडद्याआडून बघायचा. दरवर्षी हेच. मला विचाराल तर एकानं दुसऱ्याच्या डोक्यात ते फावडं घातलं असतं, तर बरं झालं असतं. निदान काही बोलणं तरी निघालं असतं.

पुढं मिल बंद पडली. यंत्रं विकली गेली. मला कोण घेणार? मी तशीच दाराशी लोंबकळत राहिले, वारा आला की साखळी कुरकुरायची.

मग एक दिवस दार लाथेनं उघडलं आणि हिल्लेवी आत आली. खांदे बापासारखे रुंद, हातात ड्रमच्या काठ्या. मागून टूरे गिटार घेऊन, आणि बेस वाजवणारा रेइनो, नदीच्या वरच्या अंगाचा, धिप्पाड आणि हिवाळ्यातून दोनदा बोलणारा. आमच्याकडे असे कान फोडणाऱ्या पोरांनाही सरकार अभ्यासमंडळ म्हणून खोली आणि वीज देतं. आठवड्यातून एकदा मंडळाच्या बाई अभ्यास कसा चाललाय बघायला यायच्या. कानात कापूस घालून वेलचीचे बन ठेवून जायच्या. बँडचं नाव पोरांनी ठेवलं ब्रोत.

त्या संगीताला पोस्ट-मेटल म्हणतात, असं पोस्टरवर लिहिलेलं असायचं. मी माझ्या शब्दांत सांगते. सुरुवातीला काहीच नसतं. बर्फाखालून पाणी वाहावं तेवढाच आवाज, गिटारची एकच तार, तीही घाबरत. मग एक ओंडका येतो. मग दुसरा. अडकतात. बेस मागून रेटतो, ड्रम चढत जातात, पाच मिनिटं, सात मिनिटं, तुंबत जातं, तुम्हाला वाटतं आता सुटावं, सुटत नाही. आणि मग सुटतं. टूरे तोंड उघडतो आणि असा किंचाळतो की मला माझं कापणं आठवतं. शब्द कळायचे नाहीत. कळायची गरजही नव्हती.

हिल्लेवीनं मला साखळीसकट उतरवून ड्रमच्या शेजारी टांगलं. घणाच्या दांड्याला कातडं गुंडाळून तिनं मला पहिल्यांदा मारलं, तेव्हा टूरे वाजवायचा थांबला. पांढराफटक पडला. काही बोलला नाही. आमच्याकडचाच ना तो.

त्याच आठवड्यात एवर्ट बटाट्याचं पोतं द्यायला आला. तिनं मला वाजवलेलं त्यानं दारातून ऐकलं. पोतं खाली ठेवलं.

"ते लोखंड खाली उतरव," तो म्हणाला.

"का?"

"ते वाजणार असेल तर मी तुझं ऐकायला येणार नाही. कधीच."

"पप्पा, आपल्या घरात कुणी बोलत नाही. हे तरी बोलतं."

तो निघून गेला. हिल्लेवीनं मला उतरवलं नाही. रडली मात्र खूप, नाक पुसायला काही सापडेना म्हणून टूरेची टोपी वापरली. तिला दोन्ही हवं होतं हो. मीही हवी होते आणि बापानं समोर उभं राहून ऐकायलाही हवं होतं. पुढची वीस-बावीस वर्षं ती प्रत्येक कार्यक्रमात दिवे लागले की आधी दाराकडे बघायची. परदेशातसुद्धा. तिथं तिचा बाप कशाला येतोय? पण बघायची.

पहिली तबकडी त्यांनी मिलमधल्या लाकूड वाळवायच्या खोलीत केली. नाव ठेवलं 'भुसा'. जर्मनीतल्या कुणाच्या हाती ती लागली आणि बोलावणी यायला लागली. एक जुनी व्हॅन घेतली, मला घोंगडीत गुंडाळून सगळ्यांच्या पायाखाली टाकलं, आणि निघालो. लाइपझिग, क्राकाव, ग्लासगो, गेंट. काळे शर्ट, लांब दाढ्या, डोळे मिटून मान हलवणारी माणसं. समोर धक्काबुक्की चालायची, कुणाचं नाक फुटायचं, आणि कार्यक्रम संपला की तीच माणसं नाकाला बोळा लावून शर्ट विकत घ्यायला मुकाट रांगेत उभी.

दुसऱ्या तबकडीनं नाव झालं. 'चौथा टोला'. त्यातलं शेवटचं गाणं माझं. हिल्लेवी तीन टोले मारायची, आणि थांबायची. सगळंच थांबायचं. मग चौथा, आणि मग न थांबता, हाताची कातडी फाटेपर्यंत. मोठमोठ्या मासिकांनी लिहिलं की यात उत्तरेच्या गूढ निसर्गाची उदासी आहे. निसर्ग कसला डोंबलाचा! कॉफीचा कप होता तो. पण त्या हजारो माणसांत हे ठाऊक असलेली दोनच माणसं होती, आणि दोन्ही मंचावर उभी होती.

ते कधीतरी फुटणारच होतं. क्राकावला फुटलं. कार्यक्रम छान झाला होता, लोक अजून बाहेर ओरडत होते. मंचामागच्या जिन्यापाशी टूरेनं गिटार ठेवली आणि म्हणाला, "रोज तू माझ्या बापाला मारतेस. लोकांना तिकीट लावून मारतेस."

हिल्लेवी हाताला पट्टी बांधत होती. "मग तू माझ्याबरोबर उभा राहून रोज किंचाळतोस कशाला?"

"कारण तो कधी किंचाळला नाही."

"माझा किंचाळला. तुझा बाप कपाला जागा शोधत होता तोवर."

टूरेनं मला लाथ घातली. मी जिन्यावरून खाली गेले, पायरीपायरीवर आपटत, आणि तडा दोन बोटं वाढला. हिल्लेवीनं त्याच्या तोंडावर घणाचा दांडा हाणला. त्यानं तिला भिंतीवर आदळलं. दोघं जमिनीवर लोळत होती, केस धरून, चावून, लहान पोरांसारखी आणि जीव घ्यायला निघाल्यासारखीही. शेवटी रेइनो आला, दोघांच्या मानगुटी धरून त्यानं दोघांना दोन कोपऱ्यांत बसवलं. "उद्या प्राग," एवढंच म्हणाला. हिवाळ्यातलं एक बोलणं तिथं खर्ची पडलं.

दुसऱ्या दिवशी प्रागला टूरेचा ओठ शिवलेला होता आणि हिल्लेवीचं नाक सुजून बटाटा झालं होतं. वाजवलं त्यांनी. तसं त्यांनी त्याआधी आणि त्यानंतर कधी वाजवलं नाही. शेवटच्या गाण्यात टूरेचे टाके तुटले, माइकवर रक्त उडत होतं, आणि ती त्याच्याकडे बघत मला बडवत होती. लोक वेडे झाले. मंचावरून उतरल्यावर दोघं एकमेकांच्या गळ्यात पडून ओक्साबोक्शी रडली. पण बापांचा विषय मात्र पुन्हा काढला नाही. गावी गेलं की ती तिच्या घरी आणि तो त्याच्या, मधे ते कुंपण आणि ते बर्फ.

मग हिल्लेवीचं कोपर गेलं. उजवं. वर्षानुवर्षं पोलादावर घण मारल्यावर दुसरं काय होणार? डॉक्टरीणबाईंनी सांगितलं, थांबली नाहीस तर हात चमचा धरण्यापुरताही राहणार नाही. ती म्हणाली, एक कार्यक्रम. लोव्होमला, आपल्या मिलमध्ये, आणि मग ब्रोत संपला.

आमंत्रण द्यायला ती बापाच्या स्वयंपाकघरात गेली. नंतर टूरेला तिनं सगळं सांगितलं, मी व्हॅनमध्ये पडल्या पडल्या ऐकलं. एवर्ट डाव्या हातानं कॉफी ओतत होता. ती म्हणाली, "पप्पा, शेवटचा आहे. शनिवारी दुपारी तीनला. करवत असेल." तो खिडकीबाहेर बघत राहिला. तिनं त्याच्या श्वासाची वाट पाहिली. श्वास आत ओढला गेला नाही. "मी आता पंचेचाळीस वर्षांची आहे," ती टूरेला म्हणाली, "आणि मला अजून वाटतं, त्यानं एकदा बघावं."

शनिवारी दुपारी तीनला, कारण म्हाताऱ्यांना आणि पोरांना जेवायच्या वेळेला घरी जाता यावं. डिसेंबरात आमच्याकडे तीनला मिट्ट काळोख असतो. महिला मंडळानं दाराशी टेबल मांडलं होतं. एका ताटात वेलचीचे बन, एका ताटात कानात घालायचे बोळे. जर्मनीहून, पोलंडहून काळ्या शर्टवाले आले होते, आणि त्यांच्या मधोमध घडीच्या खुर्च्या टाकून गावातल्या आज्या बसल्या होत्या, पाकिटं मांडीवर घेऊन.

मिलची जुनी वीज फक्त सिक्स्टेनला कळायची, म्हणून टूरेनं बापाला बोलावलं होतं. तर तो म्हातारा आपल्या त्याच भिंतीपाशी, त्याच दांड्याजवळ उभा. महिला मंडळाच्या बाईंनी कॉफी आणली. तो नको म्हणाला. बाई पुन्हा आल्या. पुन्हा नको म्हणाला. तिसऱ्यांदा अख्खी रांग वळून बघायला लागली, तेव्हा उगाच तमाशा नको म्हणून त्यानं कप हातात घेतला. प्यायला नाही, नुसता धरून उभा राहिला.

ब्रोत वाजायला लागला. तुळयांवरचा जुना भुसा खाली पडत होता, पोरं त्यात हात धरून नाचत होती. हिल्लेवीच्या कोपराला पट्टी होती आणि ती घामाघूम झाली होती, पण मारत होती ती जणू हाडाशी वैर असल्यासारखी. प्रत्येक गाण्यानंतर दाराकडे नजर. दार बंद.

शेवटच्या गाण्याआधी दार उघडलं. एवर्ट आत आला. टोपी काढली, पायावरचं बर्फ झटकलं आणि दाराशीच उभा राहिला. उजवी बाही टाचलेली. त्यानं कानात बोळे घातले नव्हते.

हिल्लेवीनं दांडा उचलला आणि तसाच धरला. मारलं तर तो निघून जाणार. नाही मारलं तर तो कशासाठी आला? टूरेनं माइकवरून तोंड बाजूला घेतलं आणि म्हणाला, "नको. आज नको."

"त्याला माहीत होतं करवत आहे ते," ती म्हणाली, "माहीत असून आलाय."

आणि तिनं मारलं. एक. दोन. तीन.

थांबली. लाइपझिगला या थांबण्यात लोक डोळे मिटतात. लोव्होमला आज्यांनी श्वास धरला. कुणाच्या तरी हातातलं पाकीट खाली पडलं. एवर्ट दाराशी हलला नाही.

चौथा.

मी आयुष्यात पुष्कळ मार खाल्ला, पण तसा टोला नाही. तडा माझ्या कडेपर्यंत उकलत गेला. आणि त्याच क्षणी भिंतीकडे खळ्कन आवाज झाला आणि अख्खी मिल मेली. दिवे गेले, गिटार गेली, बेस गेला, टूरेची किंकाळी अर्ध्यात उघडी पडली, नुसतं माणसाचं ओरडणं झाली. वीज लागत नव्हती ती फक्त मला आणि हिल्लेवीला. ती काळोखात मारत राहिली. पाच, सहा, सात, मग मोजायचं कुणाला सुचतंय. ती रडत होती आणि मारत होती.

मग माझ्या अंगावर एक तळवा टेकला.

मी थरथरत होते, दात उघडे होते, तडा ताजा होता. या हाताला मी ओळखत नव्हते. माझ्या वाट्याला कधी आला नव्हता तो. डावा होता, खरबरीत, फावड्याच्या घट्ट्यांचा. त्यानं मला दाबून धरलं आणि मी थांबले. काळोखात तोंडं दिसत नव्हती. एवढी माणसं होती, पण खुर्चीसुद्धा वाजली नाही.

"सिक्स्टेन," एवर्ट म्हणाला. तीस-पस्तीस वर्षांत ते नाव त्यानं तोंडातून काढलं नव्हतं. "कप कुठं ठेवलास?"

भिंतीकडून म्हाताऱ्याचा आवाज आला, फाटका. "ठेवला नाही. फेकला."

माझ्या इतक्या जवळ एवर्टचं तोंड होतं, म्हणून मी सगळ्यांत आधी ऐकलं. त्यानं ओठांचा चंबू केला आणि श्वास आत ओढला.

शूप.

हिल्लेवीनं ते ऐकलं, कारण तिचा हात माझ्या दुसऱ्या बाजूला होता. ती खाली बसली, बापाच्या पायाशी, भुशात. कुणीतरी म्हणालं, आता दांडा वर करा की. सिक्स्टेनला तो वर करता येईना. मग टूरे गेला आणि बापाचे हात धरून दोघांनी मिळून केला. दिवे आले तेव्हा भिंतीवरून कॉफीचे ओघळ खाली येत होते आणि कपाचे तुकडे पहिल्या रांगेतल्या आज्यांच्या पायाशी पडले होते. आज्या उठल्या, झाडू कुठं आहे विचारलं, आणि कामाला लागल्या. काळ्या शर्टवाल्यांना वाटलं, कार्यक्रम असाच असतो. टाळ्या थांबता थांबेनात.

आता मी त्या दोन घरांमधल्या कुंपणावर टांगलेली आहे. तडा आरपार गेल्यामुळे माझा आवाज गेला. मारलं तर ठक्क एवढंच येतं, रिकाम्या डब्यासारखं. ज्या म्हाताऱ्यानं मला गाते म्हटलं होतं, त्यानं ऐकलं तर कपाळाला हात लावेल.

सिक्स्टेन अजून उजाडायच्या आत एवर्टची वाट साफ करतो. एवर्ट बर्फ परत टाकत नाही. पण बाहेर येऊन सांगतो, कडेला नीट झालं नाही, तुला फावडं कधी धरता आलंच नाही. मग डाव्या हातानं गज उचलतो आणि मला मारतो. तिसऱ्यानंतर मी दरवेळी ताठ होते, जुनी खोड. चौथा येत नाही. सिक्स्टेन कुंपणापाशी येतो, कप घेतो आणि उभ्या उभ्या पितो. कप खाली ठेवत नाही. एवर्टनं कुंपणावर एक फळी ठोकून दिली आहे, कप ठेवायला म्हणून, एका हातानं ठोकली म्हणून जरा तिरकी. तिच्यावर नुसतं बर्फ साचतं.

हिल्लेवी आली की माझ्यापाशी उभी राहते. तिचं कोपर आता सरळ होत नाही. ती मला वाजवत नाही, नुसता तळवा टेकते.

तुम्ही मात्र हात मागेच घ्या. आणि हो, एक मागणं आहे. मला कुणी पुसू नका, तेल लावू नका, संग्रहालयात तर मुळीच नेऊ नका. गंजू दे मला इथंच. फक्त बर्फ फार पडलं तर त्या फळीवरचं तेवढं झटका. एखाद्या दिवशी त्या म्हाताऱ्याला कप ठेवावासा वाटला, तर त्याला जागा शोधावी लागू नये.